नादपूरचे पंचांग

नादपूर नावाचे गाव पृथ्वीच्या पाठीवर कुठेही नाही, हे भिकाजी पराडकरांना पहिल्यापासून ठाऊक होते. हे आरंभीच सांगितलेले बरे. कारण पुढे जे काही झाले ते पाहून, पेन्शन सुरू झाल्यापासून म्हाताऱ्याला भ्रम झाला, असे तालुक्याच्या कचेरीत बोलले गेले. ज्या कचेरीत आपण एकतीस वर्षे आवक-जावक सांभाळली, शिक्का कधी वाकडा पडू दिला नाही, तिथेच असे बोलले जावे हे त्यांच्या फार जिव्हारी लागले.

नादपूर जन्मले ते कीर्तनात. अठ्ठावन्न सालची रथसप्तमी होती. कांदळवाडीच्या लक्ष्मीनारायणाच्या देवळात माघातला सप्ताह संपत आला होता आणि गादीवर खारेपाटणचे गंगारामबुवा उभे होते. गंगारामबुवांचे कीर्तन ज्याने ऐकले नाही त्याला ते सांगून कळायचे नाही. बुवा अंगाने काटकुळे, पण आवाज असा की पहिल्या गजराला देवळाच्या वाशांवरची पाखरे उडून जात आणि दुसऱ्या गजराला पुन्हा येऊन बसत. त्या दुपारी नादब्रह्माचे निरूपण चालले होते. बुवांचा सूर लागला होता, आणि सूर लागला की बुवा कुठे जातील याचा नेम त्यांना स्वतःलाही नसे.

"श्रोतेहो," बुवा म्हणाले, "आज सूर्यनारायणाचा दिवस. पण क्षणभर असे जग डोळ्यांपुढे आणा, जिथे सूर्यच नाही! चंद्र नाही, चांदणी नाही. बाराही महिने दाट धुके. त्या नगरीचे नाव नादपूर. तिथली माणसे कानांनी जगतात. तिथे दिवस उगवत नाही हो, तिथे दिवस वाजतो! ऋतू येतो तो पाऊल वाजवीत येतो! आणि परमेश्वर? तो दिसावा असा हट्टच तिथे कोणी धरीत नाही. तो ऐकू येतो, तेवढ्यावर सगळे तृप्त!"

पेटीवाल्याचा भाता हलायचा थांबला. भिकाजींनी नकळत हात जोडले.

आणि त्या शांततेत बायकांच्या बाजूने एक आवाज आला.

"बुवांनू, एक इचारूचा आसा."

कीर्तन चालू असता मध्ये बोलणे म्हणजे वाहत्या पाटात बांध घालण्यासारखे. सगळ्या माना वळल्या. बोलल्या होत्या सुभद्राकाकी, खुद्द भिकाजींच्या. भिकाजींची आई ते पाळण्यात असतानाच गेली. तेव्हा विधवा काकीने त्यांना वाढवले. आता काकीचे वय अठ्ठ्याहत्तर होते आणि अकरा वर्षांपासून दोन्ही डोळ्यांनी तिला दिसत नव्हते.

"विचार, माउली," बुवा म्हणाले.

"थंयसर सूर्य नाय, चंद्र नाय, तर एकादशी कशी कळता?"

तीस वर्षे कीर्तन करणाऱ्या गंगारामबुवांना हा प्रश्न नवा होता. त्यांनी चिपळ्या वाजवून पाहिल्या. शेवटी म्हणाले, "माउली, ह्याचे उत्तर पुढल्या रथसप्तमीला ह्याच गादीवरून देईन." नारदाच्या गादीवरून दिलेला शब्द! मागे घेता येत नाही, आणि बुवांना उत्तर तर येत नव्हते.

बुवांचा मुक्काम भिकाजींकडेच असे. संध्याकाळी पडवीत बसल्यावर बुवा म्हणाले, "भिकाजीपंत, शब्द तर देऊन बसलो. तुम्ही सरकारी माणूस. तारखा, वार, नोंदी ह्यांत जन्म गेला. नादपूरचे पंचांग तुम्हीच करा."

काकीचा प्रश्न ऐकल्यापासून भिकाजी आतून घाबरलेले होते. त्याचे कारण बुवांना माहीत नव्हते, आणि ते सांगितल्याखेरीज ही कथा पुढे जायची नाही.

दोन वर्षांपूर्वी एका निर्जळी एकादशीला काकी विहिरीच्या पायऱ्यांवर चक्कर येऊन पडली होती. डॉक्टरांनी सांगितले, पुन्हा उपास केलात तर मला बोलावू नका. काकी म्हणाली, बोलावणार नाही. उपास काही सुटेना. तेव्हा भिकाजींच्या पत्नी राधाबाई यांनी युक्ती काढली. काकीला तिथी सांगणारे आपणच. एकादशी आली की सांगायचे, आज दशमी. दुसऱ्या दिवशी सांगायचे, आज द्वादशी.

"मगे एकादशी खंय गेली?" काकीने पहिल्यांदा विचारले होते.

"तिचो क्षय झालो, काकी," भिकाजी म्हणाले होते.

"बरां," काकी म्हणाली होती.

पंचांगात तिथीचा क्षय होतो हे खरे. पण दर पंधरवड्याला नेमका एकादशीचाच क्षय आणि दशमीची वृद्धी, असे पंचांग खुद्द ब्रह्मदेवाला सादर केले असते तरी त्याने परत पाठवले असते. शेजारणीही ह्या कटात सामील झाल्या. देवभोळ्या भिकाजींना मात्र हे पाप चावत असे. म्हणून एकादशीला काकीच्या वाटचा उपास ते स्वतः करीत. काकीशेजारी पानावर बसायचे, बोटांनी भात चिवडल्याचा आवाज करायचा आणि मधूनमधून, "आमटी बरी झाली हा," असे म्हणायचे.

अशा माणसाने एकादशी ओळखायचे साधन शोधायचे! पण बुवांना नाही म्हणणे त्यांच्या हातून होणार नव्हते.

*

भिकाजींनी कोरी वही आणली, तिला समास पाडले आणि कामाला लागले. आरंभ झकास झाला. नादपुरात वार सात, सात सुरांचे. षड्जवार, ऋषभवार, गांधारवार आणि असेच निषादवारापर्यंत. शुक्ल पक्ष नाही, कृष्ण पक्ष नाही. सूर चढतो तो आरोह पक्ष आणि उतरतो तो अवरोह पक्ष. महिन्यांची नावे ठरवायला मात्र त्यांना काकीजवळ बसावे लागले, कारण घरात कान असे तिलाच होते.

"चैत्रात काय वाजता, काकी?"

"चैत्रात काजीची पाना. सुकी पाना पायाखाली वाजतत. कोकीळ सगळ्यांकच आयकाक येता, त्येचा काय कवतिक?"

अशी त्या वर्षाची ओळख व्हायला लागली. ज्येष्ठात समुद्राची गाज बदलते, दगड घासल्यासारखी होते, तो गाजमास. पुढे पागोळीमास. पण काकी म्हणे, पागोळ्या दोन प्रकारच्या, गवती छपराच्या निराळ्या आणि कौलांच्या निराळ्या, आणि कौलांची पागोळी श्रावण सरता सरता सूर उतरते. भाद्रपदात झांजा. आश्विनात भाताची झोडणी, आणि तिच्यातही पहिल्या पेंढीचा आवाज ओला, शेवटच्या पेंढीचा सुका. भिकाजी लिहीत गेले. साठ वर्षे ह्याच गावात राहून आपण बहिरे होतो की काय, असे त्यांना वाटू लागले. ज्या घरात ते जन्मले ते घर दिवसभर काही ना काही बोलत होते, आणि ते सारे कळत होते एकट्या आंधळ्या काकीला.

त्या वर्षी अधिक श्रावण आला. नादपुरात अधिक महिना कसा ओळखायचा, ह्यावर भिकाजी चार दिवस जेवताना बोलले नाहीत. पाचव्या दिवशी काकीच म्हणाली, "डोंगराकडे हाक मारली तर ती परत येता ना? तसोच तो म्हयनो परत येता." भिकाजींनी वहीत लिहिले, 'प्रतिध्वनीमास', आणि मग त्यांना पुढे काही लिहवेना. उठून त्यांनी काकीला उगाचच नमस्कार केला.

अडले ते फक्त एका ठिकाणी. एकादशीच्या रकान्यात काय लिहायचे ते सुचेना, आणि सुचले असते तर लिहिण्याची छाती नव्हती. तो रकाना कोरा राहिला.

वही पूर्ण होत आली तशी पडवीत वर्दळ वाढली. शेजारचे बाबली तारी, तीस वर्षे गलबतावर तांडेल होते, ते रोज विडी ओढायला येत आणि नादपूरच्या कारभारात लक्ष घालीत.

"पराडकरांनू, ह्याच्यात आयतवार खंय आसा?"

"नादपुरात सूर्यच नाही, बाबली. आयतवार कुठून येणार?"

"मगे मास्तरांक सुट्टी कधी?"

भिकाजींनी विचार केला. "ज्या दिवशी सूर लागत नाही त्या दिवशी."

"म्हणजे आमच्या मास्तरांक रोजच," बाबली म्हणाले आणि धूर सोडला. मग एकदम गंभीर झाले. "पण एक सांगतंय. गेल्या साली सरकारान नवी तारीख काढल्यान, ती कोणाक कळणा नाय. जुनी इंग्रजी तारीख आसाच. आमची भरती-ओहोटीची तिथ आसा. ह्या सगळ्यात माझे आवशीक संकष्टी कळणा नाय. तुमच्या नादपुरात तिथ वाजता ना? तर आमच्या देवळात कित्याक वाजूची नाय? घांट आसा, वाजवणारो आसा. पाचवीक पाच ठोके, आठवीक आठ."

"छे छे," भिकाजी घाईने म्हणाले. "अहो, ते काल्पनिक आहे!"

पण बोलणे पडवीतून गेले, पाणंदीला लागले आणि देवळात पोचले. आता देवाची घंटा कधी वाजवायची आणि कधी नाही, हे आमच्याकडे माणसे ठरवीत नाहीत. देवाला कौल लावून विचारावे लागते; उजवी पाकळी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. शंकर गुरवाने लक्ष्मीनारायणाच्या मूर्तीला दोन्ही बाजूंनी पाकळ्या लावल्या, डोक्याला मुंडासे बांधले आणि गाऱ्हाणे घातले:

"बा देवा म्हाराजा! आज ही तुझी लेकरां तुझ्या पायाकडे इली हत! ह्या भिकाजी पराडकरान नादपूरचा जा काय पंचांग केल्यान हा, त्येच्या परमान रोज सकाळी तुझी घांट तिथीइतकी वाजवूची, असा सगळ्यांच्या मनात आसा! तुका मान्य आसात तर उजवो कौल दी म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळे ओरडले. भिकाजींनी नुसतेच ओठ हलवले. मनात ते डावीकडच्या पाकळीला विनवीत होते.

उजवी पाकळी गाऱ्हाणे संपायच्या आतच पडली.

*

आमच्या देवळाची घंटा फिरंगी आहे. कधी काळी कुठल्याशा इगर्जीतून, म्हणजे ख्रिस्तांवांच्या देवळातून, समुद्रमार्गे आली म्हणतात. पाठीवर न वाचता येणारी अक्षरे आहेत. तिचा ठोका पडतो आणि मग गुंजन सुटते, ते माडांवरून, खाडीवरून, पलीकडच्या गावापर्यंत जाते. भाद्रपदाच्या प्रतिपदेला सकाळी शंकरने पहिला ठोका दिला तेव्हा विहिरीवरच्या बायकांनी रहाट थांबवले. गावाला पहिल्यांदाच कोणी तिथी सांगत होते, आणि तीही इतक्या गोड आवाजात. बाबलींची आई दारात बसून रडली.

काकी तर रोज पहाटेपासून तोंड धुऊन वाट पाहत बसे. ठोका पडला की बोटाचे पेर दाबी.

"आज सा. षष्टी."

राधाबाई आणि भिकाजी एकमेकांकडे पाहत. पाच दिवस उरले.

दशमीच्या दुपारी भिकाजी शंकर गुरवाकडे गेले. एकतीस वर्षांच्या नोकरीत ज्याने कुणाकडे रजेसाठीसुद्धा तोंड वेंगाडले नाही तो माणूस अंगणात उभा राहून म्हणाला, "शंकर, उद्या एक ठोका कमी दे."

शंकर घाबरला. "पराडकरांनू, देवाच्या घांटीत मापात कमी? देवान माझो हात धरल्यान तर? आणि गावाक काय सांगू?"

पहिल्या एकादशीला दहाव्या ठोक्यानंतर भिकाजींना जोराचा खोकला आला. "गप रे, मोजतंय मी!" काकी ओरडली, पण तोवर गुंजनात गुंजन मिसळून गेले होते.

"धा?"

"धाच, काकी."

खोकला पुरेसा नाही हे कळून चुकले. पुढल्या एकादशीला राधाबाईंनी आरोंद्याच्या माहेराहून आलेला तांब्याचा हंडा काढून दिला. दहावा ठोका पडला आणि भिकाजींनी डोळे मिटून हंडा जमिनीवर सोडला. काय तो आवाज! मांजर माळ्यावर गेले ते दोन दिवस उतरले नाही. शेजारून बाबली धावत आले.

"काय झाला?"

"हंडो पडलो," राधाबाई म्हणाल्या.

तो हंडा त्यानंतर दर पंधरा दिवसांनी पडत राहिला. कल्हई करणारा दारावर आला तेव्हा त्याने हंड्याचे पोचे बोटाने मोजले आणि म्हणाला, "बाई, हा पडत नाही, ह्याला कोणीतरी पाडतंय." राधाबाईंनी त्याला चहा दिला आणि विषय बदलला.

तेवढ्यात सरकार मध्ये पडले. ग्रामपंचायतीने ओढ्यावरच्या साकवाच्या दुरुस्तीचा अर्ज कचेरीला धाडला, आणि देवाने मान्य केलेली तिथी म्हणून वर लिहिले, 'झोडणीमास, आरोह पक्ष, मध्यमवार'. कचेरीत नव्या राष्ट्रीय दिनदर्शिकेचा गोंधळ आधीच होता. तिथल्या कारकुनाला वाटले, हे त्यातलेच काही परिपत्रक असेल आणि ते आपल्या वाचनातून सुटले असेल. उत्तर आले: 'आपला मध्यमवारचा अर्ज पोहोचला. साकवाची पाहणी येत्या धैवतवारी करण्यात येईल.'

ते पत्र भिकाजींनी दोनदा वाचले. शासनाने नादपूर मानले! पण ओव्हरसियरसाहेब काही आले नाहीत, कारण धैवतवार केव्हा असतो ते त्यांना कोणी सांगितले नव्हते. मग चौकशी झाली, आणि भिकाजींच्या नावे लखोटा आला: 'धैवतवार म्हणजे कोणता वार, याचा लेखी खुलासा आठ दिवसांत करावा.' जन्मभर दुसऱ्यांच्या खुलाशांवर शिक्के मारलेल्या माणसाला स्वतःचा खुलासा लिहायला बसावे लागले. चार कागद फाडले. पाचव्यावर लिहिले, 'धैवतवार म्हणजे शुक्रवार. सदर वार कीर्तनापुरता आहे. क्षमा असावी.' कचेरीतल्या जुन्या मित्राने निरोप धाडला की भिकाजीला आता थंड तेल चोळा. साकव मात्र दुरुस्त झाला. शुक्रवारीच.

*

पुढल्या वर्षीची रथसप्तमी आली. नादपूरचे पंचांग ऐकायला आजूबाजूच्या चार गावांतली माणसे लोटली. गंगारामबुवांनी वही हातात घेतली आणि एकेक पान उलगडीत गेले. काजीची पाने, समुद्राचे दगड, ओली पेंढी, सुकी पेंढी. प्रतिध्वनीमासाचे पान बुवांनी दोनदा वाचले. "अहो, हे मी सांगितलेले नादपूर नव्हे. मी नुसते गाव सांगितले. इथे कोणीतरी तिथे राहून आले आहे!"

भिकाजींनी मान खाली घातली.

"आता माउलीच्या प्रश्नाचे उत्तर," बुवांनी पान उलटले आणि थांबले. "भिकाजीपंत, एकादशीचा रकाना कोरा आहे."

सभा भिकाजींकडे पाहू लागली. ते उभे राहिले.

"बुवांनू, तां माका म्हायत आसा," बायकांच्या बाजूने काकी म्हणाली. "नादपुरात एकादशीक घरात हंडो पडता."

हशा उसळला. बाबली तारी तर खांबाला धरून हसले. हंडा त्यांनीच धावत येऊन पाहिला होता.

"हसा नको," काकी म्हणाली. "धा ठोके जातत आणि हंडो पडता. नऊ येळा पडलो. त्या दिवशी सून माका पेज वाढता, तेव्हा तिची काकणां थरथरतत. आणि झील माझ्या बाजूक बसून भात चिवडता, पण त्येच्या घशातसून घोट उतरल्याचो आवाज येणा नाय. माझो उपास तो करता. इतक्या आयकूक येता तर एकादशी कळाक चंद्र कित्याक होयो?"

राधाबाईंनी पदरात तोंड लपवले. भिकाजी आहे त्या जागी खाली बसले, आणि बसल्या बसल्या लहान पोरासारखे हुंदके देऊ लागले.

गंगारामबुवांनी चिपळ्या खाली ठेवल्या. गादीवर उभा असलेला कीर्तनकार कोणाला वाकत नाही. बुवा बायकांच्या बाजूला तोंड करून कमरेत वाकले. "आता मी काय बोलू?" एवढेच म्हणाले, आणि गजराला सूर धरला. त्या दिवसाचा गजर गावात अजून आठवतात.

घरी परतल्यावर भिकाजींनी काकीचे पाय धरले. "काकी, पाप झाला."

"उठ रे, मेल्या. पाप कसला? पण एक आसा. इतके म्हयने अकरावो ठोको माका आयकूकच मिळाक नाय. तो तेवढो माका दी."

*

चार दिवसांनी एकादशी आली. हंडा फळीवरच राहिला. काकी पडवीत ताठ बसली. शेजारी भिकाजी, दारात राधाबाई पेजेचा वाडगा घेऊन, कारण डॉक्टरांचा शब्द अजून उभाच होता. बाबलीही विडी विझवून पायरीवर बसले.

ठोके पडू लागले. आठ. नऊ. दहा. भिकाजींचा हात सवयीने हवेत उचलला गेला आणि तसाच राहिला.

अकरावा ठोका पडला. त्याचे गुंजन मोकळे, अखंड, घरावरून गेले, माडांवरून गेले. काकीने हात वर केला: कोणी बोलू नका. भिकाजी ऐकत राहिले. गुंजन बारीक झाले, खाडीवर गेले, धाग्याएवढे उरले, मग त्यांना ऐकू येईनासे झाले.

"काकी, पेज," राधाबाई हळूच म्हणाल्या. "डॉक्टरांनी सांगितलांनी हा."

"पियान गो. तू वाढल्यावर मी नाय कशी म्हणान? पण ही वाजता ती पुरी होवंदे. घांट वाजत आसताना कोण तोंड हलयता?"

"पण ती थांबली, काकी."

"तुका थांबली. माका अजून वाजता."

दुपारी राधाबाईंनी पेज पुन्हा गरम केली. काकी भिंतीला टेकून, चेहरा खाडीकडे करून बसली होती. "अजून वाजता," ती म्हणाली. औषधाच्या गोळीबरोबर वाटीभर दूध मात्र तिने घेतले. दुधाला आवाज नसतो, ही सवड तिने स्वतःच काढली. संध्याकाळी डॉक्टर येऊन नाडी पाहून गेले. नाडी उत्तम होती. दिवेलागणीला भिकाजींनी विचारले, "काकी?" तिने नुसते बोट ओठांवर ठेवले.

ती खरे सांगते की नाही, हे ठरवायला गावात दुसरे कोण होते? भिकाजींनी कान एकाग्र केले. समुद्र होता, रातकिडे होते, कुठे तरी रहाट कुरकुरत होता. आणि त्या सगळ्यांच्या पलीकडे, काकीचा चेहरा जिकडे होता तिकडे, काहीतरी होते खास. ते आपल्याला ऐकू येत नाही म्हणून नाही, असे कोणत्या तोंडाने म्हणावे? भिकाजींनी वही आणली, कोऱ्या रकान्यापाशी दौत उघडली आणि लेखणी हातात धरून काकीच्या पायांशी बसून राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी बारा ठोके पडले. बाराव्याचे गुंजन विरता विरता काकीने सुस्कारा टाकला, हात जोडले आणि म्हणाली, "आता थांबली. राधा, पेज वाढ. दोन वाडगे वाढ, भिकूनय काल कायेक खावक नाय."